एक आणि तीच

डिचोलीच्या कोर्टासमोर, झेरॉक्स मशीनच्या अंगाला
माझं टेबल. एक पाय आखूड,
खाली जुनी टेलिफोन डिरेक्टरी.
लोक माझ्याकडे स्पेलिंग घेऊन येतात
डॉक्टरकडे खोकला न्यावा तसं,
दबक्या आवाजात, दुसऱ्याच कुणाचं असल्यासारखं.

आज शेवंता नायक.
पिशवीत चार कागद, चारही वेगळ्या बायका.
जन्मदाखल्यावर आडनावामागे क्यू-यू-ई,
बँकेत नुसता के,
आधारवर मध्येच एक वाय उगवलेला,
आणि रेशनकार्डावरची बाई तर चक्क पुरुष.
पेन्शन मात्र एकीचीच.

'क्यू-यू-ई कित्याक गे, म्हणपाचेंच ना जाल्यार?'
मी सांगते: लिहिणारा पोर्तुगीज अमदानीतला,
त्याच्या घरात के नव्हता. म्हणून क्यू आणला,
आणि क्यू एकटा कुठे जात नाही,
यू त्याच्या खांद्यावर हात ठेवून चालतो.
ई आला तो दार ओढून घ्यायला.
'आनी ही फुली? म्हळ्यार हांव नापास?'
फुली नव्हे मावशी, तो एक्स. तुमच्या शेवंतेतला श आहे तो.
आणि शेवटचा एम ओठांचा नाही, नाकाचा.

गावाच्या पाटीवरही तोच एम बसलाय.
बाहेरची माणसं स्टँडवर उतरतात,
'बिचोलिम कुठे?' असं बिचोलिममध्येच विचारतात,
कंडक्टर बोटाने जमीन दाखवतो.
डीचा बी कुणी केला
ते मला अजून सापडलेलं नाही.

तेवढ्यात फेर्मीन वकील डोकावतात.
कालच्या दाव्यात 'डेट' चुकलंय, बी गळलाय.
बी उच्चारत नाहीत हे आम्हा दोघांना ठाऊक.
पूर्वी तो नव्हताच म्हणे. कुणा पंडितांना लॅटिन आठवलं
आणि त्यांनी तो परत आणून बसवला
वारलेल्या आजोबांचा फोटो लावावा तसा.
सगळे समोरून जातात, हाक कुणी मारत नाही.
मला विचाराल तर कर्जात तो शोभतो.
न बोलता वाढणारं काहीतरी असतंच त्यात.
मी बी घालते. वकील पैसे उद्या देतो म्हणतात.

शेवंता पदराच्या गाठीतली चावी चाचपते.
'ही तरी आमची मगो?'
चावी पोर्तुगीजांची, मावशी. कुलूप अरबांकडचं.
दार तेवढं आपलं.
'दार घोवान केल्लें. फणसाचें,' ती म्हणते,
आणि शब्दांचा इतिहास तिथेच थांबतो.

मी टाइप करते: वरील चारही नावांची व्यक्ती
वन अँड द सेम.
वन म्हटल्यावर सेम कशाला,
हे पंचवीस वर्षं टाइप करत विचारत आलेय.
विलला टेस्टामेंट जोडतात, नलला व्हॉइड,
एका शब्दाला कोर्टात एकटं सोडत नाहीत,
साक्षीला सोबत लागतेच.
पण एक आणि तीच?
एक तर आहे समोर, प्लास्टिकच्या खुर्चीत,
पाय जमिनीला पुरत नाहीत.
तीच आहे का, हे कोण कुणाला विचारणार.

कागद पुढे करते. सही.
ती चष्मा पुसते, पेन झटकते,
तिसरीपर्यंतच्या शाळेचा सगळा जोर लावून
देवनागरीत लिहिते, शिरोरेघ शेवटी, एका दमात:
गुलाब.

हे कोण?
'लग्नांत तांदळांत बरयल्लें. सासरचें.'
मावशी, पाच रुपयांचा कागद गेला,
आधी सांगायचं नाही का?

'तुवें स्पेलिंग विचारलें,' ती म्हणते,
पेनाला टोपण लावत,
'नांव खंय विचारलें?'